प्रकाश नेसलेली नर्तकी

नृत्य म्हटलें कीं डोळ्यांपुढें देह उभा राहतो. त्याचे पदन्यास, त्याच्या मुद्रा, त्याचे नेत्रकटाक्ष. परंतु देह जवळजवळ झांकूनच रंगभूमि जिंकणारी एक नर्तकी गेल्या शतकाच्याहि मागल्या शतकांत उदयास आली. तिचें नांव लोई फुलर. अमेरिकेंतील इलिनॉय प्रांतांत १८६२ सालीं ती जन्मली. नृत्याचें रीतसर शिक्षण तिला लाभलें नव्हतें. नाटकांतून कामें करीत ती वाढली.

तिचें साधन म्हणजे तलम रेशमाचा घोळदार झगा. त्याच्या आंत दोन्ही हातांत लांब काठ्या असत. त्या फिरल्या कीं वस्त्राच्या लाटा उसळत आणि क्षणांत फूल, क्षणांत फुलपांखरूं, क्षणांत ज्वाळा दिसे. रंगमंचावर संपूर्ण काळोख करून त्या लाटांवर विजेचा रंगीत प्रकाश सोडीत. अग्निनृत्यांत तर पायांखालच्या कांचेंतून खालून उजेड येई. झगा व काठ्या यांच्या योजनेचें पेटंट तिनें १८९४ सालीं अमेरिकेंत मिळविलें. नृत्य, चित्रकला, वस्त्ररचना आणि विद्युच्छास्त्र यांचा असा संगम तोंवर क्वचितच कोणी केला असेल.

यंत्राला कायद्यानें संरक्षण दिलें. कलेला मात्र दिलें नाहीं. तिच्या सर्पनृत्याची नक्कल न्यूयॉर्कमध्यें होऊं लागली, तेव्हां तिनें न्यायालयांत धांव घेतली. जून १८९२ मध्यें निकाल लागला. कायद्याचें संरक्षण नाट्यकृतीला आहे. या नृत्यांत कथा नाहीं, पात्र नाहीं. सबब तें नाटक नव्हे! जें तिच्या कलेचें नावीन्य, तेंच तिचा दावा बुडविण्यास कारण झालें.

त्याच वर्षीं ती पॅरिसला गेली. तेथेंहि तिची नक्कल तिच्या आधींच पोहोंचली होती. तरी नोव्हेंबरांत फोली बर्जेर नाट्यगृहांत तिनें पॅरिस वेडें केलें. तूलूझ-लोत्रेकनें १८९३ सालीं तिचीं शिळाछाप चित्रें काढलीं. १९०० च्या जागतिक प्रदर्शनांत तिचें स्वतःचें नाट्यगृह होतें. जपानी अभिनेत्री सादा याक्को हिचे प्रयोग तेथेंच झाले. रेडियमनें वस्त्र उजळतां येईल काय, असें तिनें क्यूरी दांपत्यास पत्रानें विचारलें. तें शक्य नाहीं असें कळल्यावर ती स्वयंप्रकाशी क्षारांच्या प्रयोगांकडे वळली, आणि क्यूरींच्या घरीं जाऊन तिनें त्यांच्यापुढें नृत्य केलें.

१ जानेवारी १९२८ रोजीं पॅरिस येथें तिचा अंत झाला. नृत्यरचनेला अमेरिकेच्या स्वामित्व कायद्यांत स्पष्ट स्थान मिळालें तें १९७६ सालीं, म्हणजे त्या निकालानंतर ८४ वर्षांनीं. ल्युमिएर बंधूंच्या प्रसिद्ध चित्रफितींतील सर्पनृत्य आजहि पाहावयास मिळतें; पुष्कळ लोक तेंच लोईचें नृत्य समजतात. परंतु त्या फितींत नाचणारी स्त्री लोई फुलर नव्हे. ती तिची नक्कल करणारी आहे.