तळटीप ७ : कांचनमाला पांडे

दारव्ह्याच्या भाषणात लेखक नाव घेत नाहीत, पण रोख कांचनमाला पांडे यांच्याकडे आहे. विदर्भाच्याच, पूर्णतः दृष्टिहीन, रिझर्व्ह बँकेच्या नागपूर कार्यालयात नोकरीला. डिसेंबर २०१७मध्ये मेक्सिको सिटीतील जागतिक पॅरा जलतरण स्पर्धेत त्यांनी एस-११ या दृष्टिहीनांच्या गटात २०० मीटर वैयक्तिक मिडलेचे सुवर्णपदक जिंकले. सप्टेंबरमधील भूकंपामुळे ही स्पर्धा लांबली होती. एस-११मध्ये थोडेफार दिसणाऱ्यालाही काळा गॉगल लावावा लागतो. भिंत जवळ आली, की काठावरचा साहाय्यक मऊ टोकाची काठी अंगावर टेकवून इशारा देतो. तो क्षणभर चुकला तर डोके भिंतीवर. लेखक याला ‘अंदाजाने पोहणे’ म्हणतात, ते जरा अन्यायाचे वाटते. हे खेळाडू हात मोजून पोहतात.