फिरंगी : एका शब्दाचा प्रवास



सुमारें चाळीस वर्षांपूर्वींची गोष्ट आहे. मी त्या वेळीं प्राथमिक शाळेंत इतिहास शिकवीत होतों. वसईच्या मोहिमेचा धडा चालला होता आणि चिमाजी अप्पांनीं १७३९ सालीं फिरंग्यांकडून वसईचा किल्ला कसा घेतला, हें मी मोठ्या आवेशानें सांगत होतों. इतक्यांत मागच्या बांकावरील एक मुलगा उभा राहिला. तो वसईकडील एका ख्रिस्ती कुटुंबांतला. वडिलांची बदली झाल्यामुळें त्याच वर्षीं आमच्या गांवीं आलेला. तो म्हणाला, "गुरुजी, फिरंगी म्हणजे काय? मुलें मला फिरंगी म्हणतात."

या प्रश्नाचें उत्तर मजजवळ नव्हतें, आणि तें नाहीं असें वर्गापुढें कबूल करण्याचें धैर्यही नव्हतें. मीं बेधडक सांगून टाकलें, "अरे, ज्यांचा रंग फिरला ते फिर-रंगी!" वर्ग खो खो हंसला. तो मुलगा चांगला सावळा होता, आणि मुलांना त्याचीच अधिक गंमत वाटली. तो मुकाट्यानें खालीं बसला. त्या वर्षांत त्यानें मला पुन्हां एकही प्रश्न विचारला नाहीं.

मीं सांगितलेली ती व्युत्पत्ति साफ चुकीची होती. नुसत्या ध्वनिसाम्यावर शब्दाचें मूळ ठरविणें म्हणजे नाकाडोळ्यांवरून नातें ठरविण्यासारखें आहे. कधीं तें जुळतें, बहुधा फसवितें. 'फिरंगी' या शब्दांत 'फिरणें' नाहीं आणि 'रंग'ही नाहीं. मग काय आहे, तें आज आपण पाहूं.

या शब्दाचें मूळ शोधण्यासाठीं आपणांस युरोपांतील ऱ्हाईन नदीच्या कांठीं जावें लागतें. रोमन साम्राज्य उतरणीस लागलें त्या काळीं, म्हणजे इसवी सनाच्या तिसऱ्या शतकापासून, त्या नदीच्या परिसरांत जर्मन वंशांतील कांहीं टोळ्या 'फ्रँक' या नांवानें प्रसिद्धीस आल्या. पुढें त्यांनीं गॉल देश जिंकला, आणि त्या देशास त्यांच्याच नांवावरून फ्रान्स हें नांव पडलें. त्यांचा राजा शार्लमेन याला इ. स. ८०० मध्यें रोम येथें सम्राटपदाचा अभिषेक झाला, तेव्हां पश्चिम युरोपचा फार मोठा भाग फ्रँकांच्या सत्तेखालीं होता. जिंकलेल्या देशांत पूर्ण स्वातंत्र्य काय तें फ्रँकांनाच असल्यामुळें त्यांच्या नांवास 'स्वतंत्र', 'मोकळा' असाही अर्थ आला, आणि मोकळेपणानें बोलणाऱ्या मनुष्यास इंग्रजींत 'फ्रँक' म्हणतात तें त्यावरूनच. या टोळ्यांना मुळांत हें नांव कशावरून मिळालें याविषयीं विद्वानांचा एक तर्क असा आहे कीं, 'फ्रँका' नांवाच्या भाल्यावरून तें पडलें असावें. जुन्या इंग्रजींत त्या नांवाच्या भाल्याचा उल्लेख सांपडतो. ही भाल्याची गोष्ट श्रोत्यांनीं ध्यानांत ठेवावी; पुढें तिचें काम आहे.

हें एका टोळीचें नांव साऱ्या युरोपियनांचें कसें झालें? तर धर्मयुद्धांमुळें. १०९९ सालीं युरोपांतील ख्रिस्ती सैन्यांनीं जेरुसलेम जिंकलें, आणि १२९१ त अक्का शहर त्यांच्या हातून जाईपर्यंत, सुमारें दोनशें वर्षें, सीरिया व पॅलेस्टाइन या प्रांतांत त्यांचीं राज्यें होतीं. त्या सैन्यांत फ्रेंच होते, तसेच जर्मन, इटालियन आणि इंग्रजही होते. पण अरबांनीं त्या सर्वांना एकच नांव दिलें, 'इफ्रंज' किंवा 'फिरंज'. आरंभीं जोडाक्षर आलें म्हणजे अरबी जिभेस अडखळल्यासारखें होतें. म्हणून तिनें त्यांत स्वर घातला. आपल्याकडेही 'स्कूल'चें 'इस्कूल' होतें, तशांतलाच हा प्रकार. फारशी भाषेंत त्याचें रूप 'फरंग' असें झालें. फरंग म्हणजे युरोप आणि फरंगी म्हणजे तेथील मनुष्य. सीरियांतील उसामा इब्न मुनकिद हा बाराव्या शतकांतील सरदार आपल्या आठवणींत या फिरंज लोकांचा अडाणीपणा पोटभर हंसतो. पण त्यांच्यांतच आपले मित्र होते, हेंही लिहून ठेवतो. लढाई आणि ओळख हीं दोन्हीं या शब्दाच्या पाठीशीं प्रथमपासूनच आहेत.

पुढें १४९८ सालीं वास्को द गामा कालिकतास पोंचला, १५१० त आल्बुकेर्कनें गोवें घेतलें आणि १५३४ त वसई पोर्तुगीजांच्या हातीं आली. अरबी आणि इराणी व्यापाऱ्यांच्या सहवासानें हा शब्द आपल्या किनाऱ्यावर रुळला, आणि डोळ्यांपुढें जे युरोपियन प्रथम आले त्यांस, म्हणजे पोर्तुगीजांस, तो चिकटला. गंमत अशी कीं, पोर्तुगीज हे फ्रँक नव्हते आणि स्वतःला त्या नांवानें ते कधीं ओळखीतही नव्हते. मराठी कागदपत्रांत त्यांच्या ताब्यांतील वसईच्या मुलुखाला 'फिरंगाण' असें नांव आढळतें.

आपले पूर्वज युरोपांतील सर्वांना सरसकट फिरंगी म्हणत होते असें मात्र नाहीं. अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकांत रामचंद्रपंत अमात्यांनीं आज्ञापत्रांत दर्यावरच्या परकीयांची नांवनिशी दिली आहे. तींत फिरंगी म्हणजे पोर्तुगीज, वलंदेज म्हणजे डच आणि डिंगमार म्हणजे डेन्मार्कचे लोक. इंग्रज आणि फरासीस, म्हणजे फ्रेंच, हे निराळेच. या सर्वांना मिळून त्यांनीं 'टोपीकर' म्हटलें आहे. आणि हे इतर सावकारांसारखे नव्हेत, यांच्या पाठीमागें यांचे राजे आहेत, असा इशाराही दिला आहे. या यादींत एक मौज आहे. 'फरासीस' हा शब्दही मूळ त्याच फ्रँक नांवावरून, फ्रान्स देशाच्या वाटेनें, आलेला आहे. म्हणजे एकाच आजीचीं दोन नातवंडें निरनिराळ्या गलबतांतून आलीं आणि एकाच यादींत शेजारीं बसलीं. पण त्यांना एकमेकांची ओळख पटली नाहीं!

आतां शब्दाच्या दुसऱ्या अर्थाकडे वळूं. मराठींत 'फिरंग' म्हणजे एक तरवार. नेहमींच्या तरवारीपेक्षां लांब, सरळ पात्याची ही तरवार मराठा स्वारांच्या विशेष आवडीची होती. तिचें पातें युरोपांतून येई, किंवा तशा पात्याच्या नमुन्यावर येथेंच घडविलें जाई. मूठ मात्र आपली. मुठीच्या मागच्या टोंकास एक दांडी असे. तिला दुसऱ्या हातानें धरून दुहाती वार करतां येई. पातें परक्याचें आणि मूठ देशी, अशी ही फिरंग आजही संग्रहालयांतून पाहावयास मिळते. आतां त्या भाल्याची आठवण करा. विद्वानांचा तर्क खरा असेल, तर जें नांव शस्त्रावरून मनुष्यांस मिळालें, तेंच हजार-बाराशें वर्षांनीं आणि हजारों कोसांवर मनुष्यांवरून पुन्हां शस्त्रास मिळालें! चीन देशांतही असेंच घडलें. तेथें मिंग घराण्याच्या काळीं पोर्तुगीजांना 'फोलांगची' म्हणूं लागले, आणि त्यांनीं आणलेल्या मागून बार भरावयाच्या तोफेलाही तेंच नांव पडलें.

तिसरा अर्थ सांगावयास थोडा संकोच वाटतो, पण इतिहासास संकोच चालत नाहीं. पंधराव्या शतकाच्या अखेरीस, फ्रान्सच्या राजानें नेपल्सवर स्वारी केली त्या सुमारास, युरोपांत एक भयंकर गुप्तरोग पसरला. लोक ज्यास गरमी म्हणतात तोच हा. इटालियनांनीं त्यास फ्रेंच रोग म्हटलें, फ्रेंचांनीं नेपल्सचा रोग म्हटलें. प्रत्येकानें तो शेजाऱ्याच्या दारांत नेऊन टाकला. पुढें दर्यावर्दी लोकांबरोबर तो आपल्याकडे आला. चरक आणि सुश्रुत यांना हा रोग ठाऊक नव्हता. त्यांच्या ग्रंथांत 'फिरंग' हें नांव नाहीं. सोळाव्या शतकांतील भावमिश्रानें आपल्या भावप्रकाशांत मात्र 'फिरंग रोग' सविस्तर वर्णिला आहे, त्याचे बाह्य, आभ्यंतर इत्यादि प्रकार सांगितले आहेत, आणि त्यावर पाऱ्याचे कल्प व चोपचिनी हे उपाय दिले आहेत. हजारों वर्षांची परंपरा असलेल्या वैद्यकानें नवा रोग डोळे उघडे ठेवून पाहिला, त्यास नवें नांव दिलें आणि परदेशांतून आलेलें नवें औषधही जवळ केलें, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. तुर्की भाषेंतही या रोगाचें नांव 'फ्रेंगी' असेंच आहे. सिंहलद्वीपांत 'परंगी' हें नांव अंगावर व्रण उठविणाऱ्या दुसऱ्याच एका सांसर्गिक रोगास मिळालें आहे.

परंतु केवळ तरवार आणि रोग एवढेंच या शब्दाच्या वांट्यास आलें असें नाहीं. आपल्या माळरानांवर आणि रस्त्यांच्या कडेला पिवळ्या फुलांचें एक कांटेरी झुडूप उगवतें. त्याला पिवळा धोत्रा म्हणतात, तसेंच फिरंगी धोत्राही म्हणतात. तो खरा धोत्रा नव्हेच. तो अफूच्या कुळांतला, आणि मूळचा अमेरिका खंडांतील मेक्सिकोकडचा. तमिळ भाषेंत 'परंगी' म्हणजे फिरंगी, आणि भोपळा म्हणजे 'परंगिक्काय', फिरंग्यांचें फळ! मद्रासजवळील सेंट टॉमसच्या टेकडीस तमिळ लोक 'परंगिमलै' म्हणतात. एकच शब्द, पण कोणाच्या हातीं तो तरवार झाला, कोणाच्या तोफ, कोणाच्या अंगावर रोग होऊन उमटला, तर कोणाच्या पानांत भोपळ्याची भाजी होऊन पडला.

आतां एक सावधगिरीची सूचना. कुरकुंभच्या देवीचें नांव फिरंगाई. १६६० सालीं शाएस्तेखानाच्या अफाट फौजेपुढें चाकणचा किल्ला जवळजवळ दोन महिने लढविणाऱ्या शूर किल्लेदाराचें नांव फिरंगोजी नरसाळा. हीं नांवें ऐकून कोणी देवीस परदेशांतून आणील किंवा फिरंगोजीस पोर्तुगीज ठरवील, तर तो माझ्याच 'फिर-रंगी'चा भाऊ समजावा. नांवांत फिरंग आहे म्हणून मनुष्य परका होत नाहीं.

याच्या उलट, ज्यांना लोक फिरंगी म्हणत, त्यांतील कित्येकांनीं हा देश किती आपला मानला! फादर थॉमस स्टीफन्स हा जन्मानें इंग्रज; पोर्तुगीजांच्या गोव्यांत त्यानें आपलें उभें आयुष्य वेंचलें. तो मराठी शिकला, ओवी शिकला, आणि त्याचें ख्रिस्तपुराण १६१६ सालीं राचोल येथें छापून निघालें. मराठी भाषेची थोरवी त्यानें ज्या प्रेमानें गाइली आहे, तसें प्रेम आपल्यांतील पुष्कळांच्या ठायींही आढळणार नाहीं. बंगाल्यांत एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं अँथनी नांवाचा पोर्तुगीज वंशाचा एक कवि बंगालींत कवने रचून जलशांतून गात असे. लोक त्याला 'अँथनी फिरिंगी' म्हणत. पण त्या 'फिरिंगी' शब्दांत द्वेष नव्हता, कौतुक होतें. पुढें १८५७ च्या उठावांत उत्तर हिंदुस्थानांत हाच शब्द इंग्रजांस उद्देशून संतापानें उच्चारला गेला. शब्द तोच, उच्चारणाऱ्याचें मन निराळें.

तात्पर्य, या शब्दाचा हजार वर्षांचा प्रवास पाहिला असतां एक गोष्ट स्पष्ट दिसते. ज्याला आपण फिरंगी म्हणतों, त्याच्याविषयीं हा शब्द फारसें कांहीं सांगत नाहीं. तो सांगतो, बोलणारा त्याच्यापासून किती दूर उभा आहे तें. अरबांनीं दुरून पाहिलें, तेव्हां जर्मन आणि इंग्रज एकच दिसले. आपण दुरून पाहिलें, तेव्हां पोर्तुगीज हा फ्रँक झाला. आणि आमच्या वर्गांतील मुलांनीं त्याहूनही जवळच्या मनुष्यास दूर लोटलें. ज्याचे वाडवडील वसईच्या वाड्यांतून पिढ्यान्‌पिढ्या भाताचीं शेतें आणि केळीच्या बागा राखीत आले, ज्याच्या घरची बोली मराठीचीच एक बहीण, त्या मुलास केवळ धर्मावरून त्यांनीं फिरंगी म्हटलें. आणि त्यांच्या गुरुजींनीं, म्हणजे मीं, त्यांस हंसण्यासाठीं एक व्युत्पत्ति पुरविली.

तो मुलगा आतां पन्नाशीस आला असेल. त्या दिवशीं त्याला द्यावयाचें उत्तर असें होतें : "बाळ, फिरंगी हें ऱ्हाईन नदीच्या कांठच्या एका जुन्या टोळीचें नांव आहे. तें अरबांनीं उचललें, इराण्यांनीं वापरलें आणि आपण पोर्तुगीजांना दिलें. त्या टोळीशीं तुझा कांहीं संबंध नाहीं. तूं फिरंगी नव्हेस. तूं वसईचा आहेस, आणि वसई आपली आहे." हें उत्तर मला त्या वेळीं ठाऊक नव्हतें, हा माझा अपराध नव्हे. परंतु "मला ठाऊक नाहीं, उद्यां पाहून सांगतों" एवढें वाक्य कोणत्याही शिक्षकास येत असतें, आणि तें मीं उच्चारलें नाहीं. तो उद्यां चाळीस वर्षांनीं उजाडला. तो मुलगा कोठें ऐकत असेल, तर त्यानें हें उत्तर पदरांत घ्यावें आणि आपल्या जुन्या गुरुजींस क्षमा करावी.