स्पॉन्डिलोलिस्थेसिस : घसरलेल्या मणक्याच्या नावाची कुळकथा

स्पॉन्डिलोलिस्थेसिस म्हणजे पाठीच्या कण्यातला एक मणका त्याच्या खालच्या मणक्यावरून सरकणे. बहुतेक वेळा तो पुढे, म्हणजे पोटाच्या दिशेने सरकतो आणि जागा बहुधा कंबरेचीच असते. एवढे लांबलचक नाव दवाखान्यात कोणी पुरते उच्चारत नाही. डॉक्टर आपसांत नुसते ‘लिस्थेसिस’ म्हणतात. ग्वाल्हेरच्या जयारोग्य रुग्णालयात भिंड-मुरैन्याकडून येणारा माणूस ‘कमर की गुरिया खिसक गई’ अशी तक्रार सांगतो, तर त्याच शहराच्या लष्कर भागातल्या मराठी घरात ‘मणका सरकलाय’ म्हणतात. गुरिया काय आणि मणका काय, मूळ अर्थ माळेतला मणीच. डॉक्टरांचा शब्द ग्रीक असला तरी सांगतो तेच. ग्रीक भाषेत ‘स्पॉन्डिलॉस’ म्हणजे मणका. सूत काततानाच्या चातीचे भोक पाडलेले वजनही याच नावाने ओळखले जाई. ‘ओलिस्थेसिस’ म्हणजे घसरणे. दोन्ही जोडून झालेला शब्द मात्र प्राचीन ग्रीसमधला नाही. तो एकोणिसाव्या शतकात जर्मनीत घडवला गेला, आणि घडवणारा हाडांचा डॉक्टर नव्हता.

या विकाराची पहिली नोंद प्रसूतिशास्त्रात सापडते. 1782 साली एर्बिनियो या बेल्जियन प्रसूतितज्ज्ञाने अडलेल्या बाळंतपणांविषयी लिहिताना त्रिकास्थीच्या, म्हणजे कंबरेच्या मणक्यांखालच्या हाडाच्या, पुढे आलेल्या एका हाडाच्या उंचवट्याचे वर्णन केले. मुलाचे डोके या उंचवट्याशी येऊन अडत होते. उंचवटा कशाचा, हे त्याला उमगले नव्हते. जन्ममार्गाच्या तोंडाशी हाड आडवे आले आहे एवढेच त्याने पाहिले. त्या काळी अडलेल्या बाळंतपणात आई आणि मूल दोघेही दगावण्याचा संभव मोठा होता. त्यामुळे श्रोणीचे, म्हणजे कटीच्या हाडांच्या कड्याचे, मोजमाप हा प्रसूतितज्ज्ञांचा फार मोठा विषय होता. मृत स्त्रियांच्या श्रोणी जपून ठेवल्या जात, मोजल्या जात आणि त्यांतल्या अरुंदपणाचे प्रकार ठरवले जात.

बॉनचे प्राध्यापक हेरमान फ्रीडरिक किलिआन यांनी 1854 मध्ये अशाच अरुंद श्रोणींवर लॅटिन भाषेत एक प्रबंध प्रसिद्ध केला. श्रोणी अतिशय अरुंद करणारे एक नवे कारण सापडले आहे, असे त्याचे शीर्षकच सांगते आणि त्या कारणाला दिलेले नाव म्हणजे स्पॉन्डिलोलिस्थेसिस. एर्बिनियोचा उंचवटा हा घसरून खाली झुकलेला कंबरेचा शेवटचा मणका होता. घसरण कशाने होते याविषयी किलिआन यांचा तर्क साधा होता. धडाचा सगळा भार कंबर आणि त्रिकास्थी यांच्या सांध्यावर पडतो, त्यामुळे मणका हळूहळू सरकत जातो. हा तर्क अपुरा ठरायला फार दिवस लागले नाहीत, पण नाव टिकले. ते टिकले याचे कारण असे की त्यात तर्काचा अंशही नव्हता. किलिआन यांनी जे दिसले तेवढेच नावात घातले. पुढच्या पावणेदोनशे वर्षांत कारणांविषयीची मते अनेकदा बदलली, तरी नावाला हात लावावा लागला नाही. मात्र जे नाव कारणाबद्दल काहीच बोलत नाही, त्याच्या मागेपुढे विशेषणे लावत बसावे लागते. या शब्दाचा पुढचा सारा इतिहास त्या विशेषणांचाच आहे.

कारणाचा पहिला धागा लगेच पुढच्या वर्षी हाती आला. 1855 मध्ये कोब्लेंट्झच्या रॉबर्ट यांनी मृतदेहातल्या कण्यावरचे स्नायू आणि बंध काढून मणका पुढे ढकलून पाहिला. मणक्याची मागची कमान शाबूत असेपर्यंत तो सरकेना. मणक्याचे दोन भाग असतात. पुढे भार पेलणारा जाड ठोकळा असतो आणि मागे मज्जारज्जूभोवतीची हाडांची कमान. कमानीवर वरखाली सांध्यांचे फाटे असतात. वरच्या मणक्याचे खालचे फाटे खालच्या मणक्याच्या वरच्या फाट्यांच्या मागे अडकतात आणि त्याला पुढे जाऊ देत नाहीत. हे अडसर जागेवर असताना मणका घसरणे कठीण. मग घसरलेल्या मणक्यात बिघडते काय? 1858 मध्ये लांबल यांनी कमानीतला खंड दाखवला. वरच्या आणि खालच्या फाट्यांना जोडणारा हाडाचा एक चिंचोळा पूल असतो. त्याला पार्स इंटरआर्टिक्युलॅरिस म्हणतात. हा पूल तुटला की अडसर मागे राहतो आणि पुढचा ठोकळा मोकळा होतो. (जिआर्डिया लांब्लिया या आतड्यातल्या सूक्ष्म जीवाच्या नावात आहेत ते हेच लांबल.) नुसत्या तुटलेल्या पुलाला स्पॉन्डिलोलिसिस असे नाव मिळाले. ‘लिसिस’ म्हणजे सुटणे. दोन्ही शब्दांत एका अक्षराचाच फरक असल्यासारखे वाटते आणि विद्यार्थ्यांची गल्लत येथेच होते. लिसिस असूनही मणका न सरकलेली माणसे पुष्कळ असतात.

वॉर्साचे स्त्रीरोगतज्ज्ञ नॉइगेबाउअर यांनी 1880 च्या दशकात या चित्रात भर घातली. पूल तुटलेला नसतानाही तो ताणून लांबलेला असू शकतो आणि त्यामुळेही मणका पुढे जातो, हे त्यांनी दाखवले. इथवरचा बहुतेक अभ्यास प्रसूतितज्ज्ञांचा, आणि त्यांच्यापुढची हाडे मुख्यतः स्त्रियांची. त्यामुळे हा स्त्रियांचा, बाळंतपणाचा विकार आहे अशी समजूत होणे साहजिक होते. रंटगेन यांनी 1895 मध्ये क्ष-किरण शोधले आणि जिवंत माणसाचा कणा पाहता येऊ लागला, तेव्हा ही समजूत मागे पडली. हमाल, शेतकरी, कसरतपटू अशा पुरुषांतही सरकलेले मणके सापडू लागले. प्रसूतितज्ज्ञांचा शब्द अस्थिरोगतज्ज्ञांकडे गेला आणि कायमचा तिथेच राहिला.

क्ष-किरणांनी मोजमापही आणले. अमेरिकेतल्या मेयो क्लिनिकचे मायरडिंग यांनी 1932 मध्ये सुचवलेली पद्धत आजही चालते. खालच्या मणक्याच्या वरच्या पृष्ठभागाचे मागून पुढे चार सारखे भाग पाडायचे. वरच्या मणक्याची मागची कड पहिल्या भागात असेल तर पहिली श्रेणी, दुसऱ्यात असेल तर दुसरी, असे चौथीपर्यंत. मणका पुरता पुढे जाऊन खाली कोसळला तर त्याला स्पॉन्डिलॉप्टोसिस म्हणतात. पापणी खाली पडते तेव्हा डोळ्यांचे डॉक्टर जो ‘टोसिस’ वापरतात तोच हा. पूल तुटलेला आहे का, हे तिरप्या कोनातून घेतलेल्या चित्रात दिसते. त्या चित्रात मणक्याच्या कमानीचा आकार स्कॉटिश टेरियर जातीच्या कुत्र्यासारखा भासतो आणि तुटलेला पूल त्याच्या गळ्यातल्या पट्ट्यासारखा. सीटी स्कॅन आल्यापासून हे तिरपे चित्र कमी काढले जाते, पण परीक्षेत कुत्रा अजून विचारतात.

पूल तुटतो कसा, या प्रश्नाचे उत्तर माणसाच्या चालण्यात आहे. नवजात बालकांत हा खंड जवळपास आढळतच नाही. कधीच उभी राहू किंवा चालू न शकलेल्या माणसांच्या पाहणीतही तो आढळला नाही. 1984 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात पहिलीच्या 500 मुलांचे क्ष-किरण काढले होते. सहाव्या वर्षी 4.4 टक्के मुलांत खंड होता आणि मोठेपणी हे प्रमाण सुमारे 6 टक्क्यांवर गेले. त्यांतल्या बहुतेकांना काही त्रास नव्हता. हाडाची घडण काही अंशी वारशाने येते. तिच्यावर पाठ पुन्हा पुन्हा मागे वाकवण्याचा आणि पिळण्याचा ताण पडला की थकव्याने हाडाला चीर जाते. कसरतपटू, वजन उचलणारे आणि वेगवान गोलंदाज यांच्यात म्हणूनच ती जास्त दिसते. उजव्या हाताने चेंडू टाकणाऱ्याला चीर बहुधा डाव्या बाजूला जाते. 1957 पासून शारीरिक शिक्षणाचे राष्ट्रीय केंद्र असलेल्या ग्वाल्हेरच्या लक्ष्मीबाई संस्थेसारख्या ठिकाणी प्रशिक्षकाने हा शब्द ओळखायला हवा. अठरा वर्षांच्या गोलंदाजाची महिनाभर न थांबणारी एका बाजूची कंबरदुखी ही ‘उसण भरली’ म्हणून सोडून देण्याची गोष्ट नव्हे.

म्हातारपणीची घसरण निराळी. तिच्यात पूल शाबूत असतो. दोन मणक्यांमधली गादी झिजते, सांधे सैल होतात आणि अखंड कमानीसकट मणका पुढे येतो. जर्मनीच्या युंगहान्स यांनी 1930 च्या सुमारास याला ‘छद्म’ स्पॉन्डिलोलिस्थेसिस म्हटले, कारण तुटलेल्या पुलाशिवायची घसरण त्यांना खरी वाटेना. मणका मात्र खराच सरकलेला असे, त्यामुळे ते विशेषण टिकले नाही. पुढे अस्थिरोगतज्ज्ञ न्यूमन यांनी झीजजन्य हे विशेषण रूढ केले. 1976 मध्ये विल्टसी, न्यूमन आणि मॅकनॅब यांनी पाच प्रकार ठरवले : जन्मतः सदोष घडणीचा, पूल तुटल्याचा, झिजेचा, अपघाताचा आणि हाडाच्या रोगाचा. पूल तुटल्याची घसरण बहुधा पाचव्या कंबर-मणक्यात होते. झिजेची चौथ्यात होते आणि पन्नाशीनंतरच्या स्त्रियांत पुरुषांपेक्षा कितीतरी जास्त असते.

हा भेद बोटांनाही कळतो. पूल तुटलेला असेल तर ठोकळा पुढे जातो, पण पाठीवर हाताला लागणारा त्याच मणक्याचा काटा जागीच राहतो. म्हणून पायरी लागते ती सरकलेल्या मणक्याच्या वर. झिजेच्या घसरणीत मणका काट्यासकट पुढे जातो आणि पायरी त्याच्या खाली लागते. त्रासही वेगळा. अखंड कमान पुढे आली की मज्जानलिका आवळली जाते, चालताना पाय भरून येतात आणि वाकले किंवा बसले की बरे वाटते. असा माणूस उरवाई दरवाजाच्या चढणीने ग्वाल्हेरच्या किल्ल्यावर पुढे झुकून बऱ्यापैकी जातो, पण पाठ मागे झुकवत उतरताना त्याचे पाय बोलू लागतात.

रोजच्या बोलण्यात हा शब्द तीन शेजाऱ्यांत हरवतो. मानेच्या झिजेला घरोघर ‘स्पॉन्डिलायटिस’ म्हणतात. खरे तर ती स्पॉन्डिलोसिस, कारण स्पॉन्डिलायटिस म्हणजे मणक्याचा दाह. ‘स्लिप डिस्क’मध्ये डिस्क, म्हणजे मणक्यांमधली गादी, सरकत नाही. तिचा आतला गर कडेबाहेर येतो. आणि ‘मणक्यात गॅप आली’ असे जे सांगितले जाते, तिथे बहुधा अंतर कमीच झालेले असते. ज्यात खरोखर काही सरकते तो विकार एकच, आणि त्याचे नाव बोलण्यात येत नाही.

घोटाळ्याची किंमत रुग्ण मोजतो. उसण भरली की पायाळू माणसाचा पाय पाठीला लावून घेण्याची मराठी रीत निरुपद्रवी आहे, पाय हलका असेल तोवर. मालिश करणाऱ्या पहलवानाकडून ‘गुरिया बसवून’ घेणे तसे नाही. वर्षानुवर्षे सरकत आलेला मणका एका झटक्याने मागे जात नाही, आणि झटक्याने दुखावते ती शेजारची नस. पहिल्या-दुसऱ्या श्रेणीतल्या बहुतेकांना व्यायाम, वजनावर ताबा आणि वेळेपुरती औषधे पुरतात. घसरण वाढत असेल किंवा नस दबत असेल तर शस्त्रक्रियेचा विचार होतो. तिच्यात मणके सहसा आहेत त्या जागी किंवा थोडे मागे आणून एकमेकांना जोडतात.

16 ऑक्टोबर 2022 रोजी मध्य प्रदेशात वैद्यकीय पदवीच्या पहिल्या वर्षाची हिंदी पाठ्यपुस्तके प्रकाशित झाली. ग्वाल्हेरच्या 1946 सालच्या गजराराजा वैद्यकीय महाविद्यालयात आता शरीररचनाशास्त्र हिंदीतही वाचता येते. कोशांत मणक्यासाठी ‘कशेरुका’ हा संस्कृत शब्द असला, तरी या पुस्तकांनी वैद्यकातल्या संज्ञा इंग्रजीतल्याच ठेवून फक्त देवनागरीत लिहिल्या. हे शहाणपणाचे झाले. कारण रुग्णाच्या हातातला अहवाल त्याच संज्ञांत येतो : ‘एल-फोर ऑन एल-फाइव्ह, ग्रेड वन अँटेरोलिस्थेसिस’. वरचा मणका आधी, खालचा नंतर आणि ‘अँटेरो’ म्हणजे पुढे; मागे सरकला असेल तर ‘रेट्रो’. अशा अहवालात कारणाचे विशेषण पुष्कळदा लिहिलेले नसते. ते डॉक्टरांना विचारून घ्यावे, आणि पायातली ताकद कमी होत असेल किंवा लघवीवरचा ताबा सुटत असेल तर विचारायला दुसऱ्या दिवसाची वाट पाहू नये.