वरून न दिसणारी घळ

शाळेच्या भूगोलात ‘घळई’ हा शब्द आपल्याला कोलोरॅडो नदीसोबत भेटतो. त्यामुळे घळई म्हटलं की डोळ्यांसमोर ॲरिझोनाचं वाळवंट येतं: लाल खडक, निळं आकाश आणि वरून फिरणारा कॅमेरा. अमेरिकेत ऑनसाइट गेलेल्या मित्रांच्या स्टोरीजमध्ये तर ही सहल ठरलेलीच असते. सकाळी छोट्या विमानाने निघायचं, खिडकीतून दऱ्या बघायच्या, पेज नावाच्या गावाजवळ उतरायचं आणि गाइडसोबत अँटिलोप कॅन्यनमध्ये चालायचं. संध्याकाळी परत.

या सहलीतली एक गोष्ट मला नेहमी लक्षवेधी वाटते. विमानातून सगळं दिसतं, पण ज्या अँटिलोपसाठी माणसं येतात, ती घळ मात्र वरून जवळजवळ दिसतच नाही. जमिनीला गेलेल्या एखाद्या तड्यासारखी ती असते. आत शिरल्याशिवाय तिची उंची, तिचा उजेड, तिची वळणं कळत नाहीत. आणि आत एकट्याने शिरता येत नाही. ही जमीन नावाहो लोकांची आहे आणि त्यांच्या परवानगीचा गाइड सोबत असावाच लागतो. ऑगस्ट १९९७ मध्ये दूर कुठेतरी पाऊस पडला आणि त्याच्या लोंढ्यात या घळीतले ११ पर्यटक गेले. घळीवरचं आकाश त्या वेळी फारसं भरूनही आलेलं नव्हतं. आपल्या डोक्यावर काय चाललंय हे घळीच्या तळातून कळत नाही, आणि तळात काय चाललंय हे विमानातून कळत नाही.

मराठीत ‘घळ’ हा शब्द कोलोरॅडोच्या खूप आधीचा आहे. महाड तालुक्यातल्या शिवथरच्या घळीचा इतिहास हा याच अडचणीचा इतिहास आहे, असं मला वाटतं: वरून बघणारे आणि खालून चालणारे यांना दिसणारी जमीन वेगवेगळी असते.

आधी जागा समजून घेऊ. महाडहून बिरवाडीच्या बाजूने आत गेलं की सह्याद्रीची मुख्य भिंत समोर उभी राहते. तिच्या पायथ्याशी कसबे शिवथर, आंबे शिवथर, कुंभे शिवथर अशी एकाच आडनावाच्या भावंडांसारखी गावं आहेत. डोक्यावर वरंधा घाट आणि कावळ्या किल्ला. दक्षिणेला पोलादपूर, त्यापलीकडे जावळी आणि प्रतापगड. हे सगळे डोंगर बेसाल्टचे, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याच्या थरांवर थर बसून झालेले. ॲरिझोनाच्या वालुकाश्मासारखा हा खडक नरम नाही, पण इथला पाऊस वाळवंटासारखा क्वचितचा नाही. दरवर्षी चार महिने तो कातळ झोडपतो. थरांच्या सांध्यांत पाणी शिरतं, मऊ थर झिजतो, कठीण थर छपरासारखा पुढे राहतो. अशाच एका छपराखाली, धबधब्याच्या शेजारी, शिवथरची घळ आहे.

सतराव्या शतकात हे खोरं जावळीच्या मोऱ्यांच्या अमलाखाली होतं. समर्थ संप्रदायाच्या परंपरेनुसार रामदास १६५४ मध्ये इथे येऊन राहिले आणि या घळीत त्यांनी दासबोध सांगितला. लिहून घेतला तो कल्याण स्वामींनी. दोनच वर्षांनी, जानेवारी १६५६ मध्ये, शिवाजी महाराजांनी जावळी घेतली. त्याच मोहिमेत मोऱ्यांची रायरी हाती आली आणि पुढे तिचा रायगड झाला. दासबोधाच्या सहाव्या दशकात कलियुगाची किती वर्षं गेली याचा आकडा येतो, ४७६०. इसवी सनात हे वर्ष येतं १६५९. म्हणजे ज्या वर्षी प्रतापगडाखाली अफझलखान मारला गेला, तेच. रामदास आणि शिवाजी महाराज यांची पहिली भेट कधी झाली, हा वाद इतिहासकारांनी भरपूर लढवलाय. मला त्यापेक्षा वेगळा प्रश्न पडतो. दोघांनीही याच डोंगरांचा तुकडा का निवडला असेल?

लपायला जागा, हे उत्तर अर्धंच आहे. या भागात नुसतं लपता येत नाही, तर वाट माहीत असलेल्या माणसाला इथून कुठेही जाता येतं. महाड हे सावित्रीच्या खाडीवरचं जुनं बंदर. शहराजवळच्या गांधारपाल्याची बौद्ध लेणी सुमारे अठराशे वर्षांपूर्वीची आहेत, म्हणजे व्यापार तेव्हाही होता. बाणकोटकडून होड्या यायच्या आणि माल बैलांच्या पाठीवरून घाट चढायचा. वरंधा, मढे, उपांड्या, गोप्या, पार, ढवळे अशा कितीतरी वाटा कोकण आणि देश यांना जोडत होत्या. तानाजी मालुसऱ्यांचा देह १६७० मध्ये सिंहगडावरून पोलादपूरजवळच्या उमरठ्याला नेला तो मढे घाटाने, म्हणून त्याचं नाव मढे, असं लोक सांगतात. ती गोष्ट नावावरून सुचलेली असो वा नाव गोष्टीवरून पडलेलं असो, वाटेच्या नावात माणसांनी आठवण साठवून ठेवली एवढं खरं.

अफझलखान वाईला होता तेव्हा त्याच्याकडे घोडदळ होतं, हत्ती होते, तोफा होत्या. वाईच्या मोकळ्या मुलखात हे सगळं कामाचं होतं. तिथून त्याला जावळीच्या रानात आणणं, हीच निम्मी लढाई होती. रडतोंडीच्या घाटातून त्याचं लष्कर पारला उतरलं. घाटाचं नावच सांगतं की चालणाऱ्याचं तोंड कसं होत असेल. १० नोव्हेंबर १६५९ ला भेट झाली आणि इशारा होताच खालच्या जंगलातून मराठ्यांच्या तुकड्या खानाच्या छावणीवर तुटून पडल्या. खानाला हा प्रदेश अगदीच अनोळखी होता असं नाही. वाईची सुभेदारी त्याच्याकडे होती. पण सुभेदार म्हणून मुलूख माहीत असणं आणि झाडीतली पायवाट माहीत असणं, या दोन वेगळ्या गोष्टी.

आता वरून बघणाऱ्यांकडे येऊ. १८२४ मध्ये जनरल लॉडविक महाबळेश्वरच्या कड्यावर चढला. १८२८च्या सुमारास गव्हर्नर माल्कमने तिथे थंड हवेचं ठिकाण वसवायला घेतलं आणि मग कड्याच्या एकेका टोकाला साहेबांची नावं पडत गेली. लॉडविक पॉइंट, एल्फिन्स्टन पॉइंट, आर्थर सीट. ‘पॉइंट’ हा शब्द आपल्या इतका अंगवळणी पडलाय की त्यात काही नवीन होतं हे जाणवत नाही. पण त्याआधी कडा ही उतरायची, चढायची किंवा पहाऱ्याची जागा होती. नुसतं उभं राहून खाली बघायचं, वारा खायचा आणि टांग्यातून परत जायचं, ही कल्पना त्या काळात इथे रुजली. विमानाच्या खिडकीतून कॅन्यन बघण्याची ही पहिली आवृत्तीच म्हणा ना.

आर्थर सीटवरून आज हजारो लोक सावित्रीच्या दरीचे फोटो काढतात. त्याच कड्यापासून एक वाट दरीत उतरते आणि चंद्रगडाच्या बाजूने पोलादपूर तालुक्यातल्या ढवळे गावात पोहोचते. वाटेत जोराचं पाणी लागतं, बहिरीची घुमटी लागते. ट्रेकर लोकांमध्ये या वाटेबद्दल एकच सल्ला दिला जातो: गावातल्या मामांना सोबत घ्या. रान दाट, फाटे अनेक आणि चुकलं की दिवस गेला. पॉइंटला साहेबाचं नाव आहे. खालच्या घुमटीला देवाचं आहे. मामांचं नाव कुठल्याच बोर्डावर नाही.

कामाच्या निमित्ताने नकाशांचा डेटा हाताळताना मला याची तांत्रिक बाजू समजली. आपण फोनवर डोंगराचे चढ-उतार बघतो त्यातल्या बऱ्याच नकाशांच्या मुळाशी फेब्रुवारी २००० मधली एक अवकाशमोहीम आहे. एंडेव्हर यानाने ११ दिवस रडारने पृथ्वी मोजली. तिचा सगळ्यांना मिळणारा डेटा साधारण ३० मीटरच्या चौकटींचा आहे. प्रत्येक चौकटीला उंचीचा एकच आकडा. शिवथरची घळ तर छपराखाली आहे. वरून मोजणाऱ्या यंत्राला छपराचीच उंची कळणार. अँटिलोपसारख्या काही फुटांच्या चिरेचंही तेच. म्हणजे दोन्ही घळी त्या डेटात नाहीतच. शिवाय खोल दरीत फोनच्या जीपीएसला आकाशाचा तुकडाच दिसतो, कड्यांवर आदळून आलेले सिग्नल त्याला फसवतात आणि निळा ठिपका पलीकडच्या सोंडेवर जाऊन बसतो.

म्हणूनच १९३० ची गोष्ट मला महत्त्वाची वाटते. धुळ्याचे वकील शंकर श्रीकृष्ण देव आयुष्यभर समर्थांची हस्तलिखितं गोळा करत हिंडले. जुन्या कागदांत शिवथरच्या घळीचा उल्लेख होता, पण ती नेमकी कुठली हे विस्मरणात गेलं होतं. १९३० मध्ये देवांनी ती शोधून काढली. ‘शोधून काढली’ म्हणजे काय, हे इथे नीट बघायला हवं. शंभरेक फूट उंचीचा धबधबा गावाजवळ गर्जत असताना तो गावाला माहीत नव्हता असं होऊच शकत नाही. गुरं राखणाऱ्याला धबधब्याचा शोध लावावा लागत नाही. तुटला होता तो कागद आणि जागा यांच्यातला दुवा. कागद धुळ्याला होता, जागा गावकऱ्यांकडे. दोन्ही एकत्र यायला कुणीतरी इथवर येऊन कातळाखाली उभं राहावं लागलं.

हे ज्ञान केवळ तीर्थाटनापुरतं किंवा ट्रेकपुरतं नाही. २२ जुलै २०२१ ला महाड तालुक्यातल्या तळिये गावातल्या कोंढाळकरवाडीवर डोंगर आला. ८० हून अधिक माणसं गेली. महाड शहर पुरात होतं, रस्ते बंद होते, आणि मदत पोहोचायला वेळ लागला. दुसऱ्या दिवसापासून आपण सगळ्यांनी ते दृश्य वरून पाहिलं, ड्रोनमधून: हिरव्या डोंगरावर एक तांबडा ओरखडा. त्या ओरखड्यात घरं कुठे होती, हे वाडीतल्या माणसांनाच सांगता येत होतं.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये राष्ट्रपती रामनाथ कोविंद रायगडावर आले. हेलिकॉप्टर गडावर उतरवू नये, अशी शिवप्रेमींची मागणी होती. ती मान्य झाली आणि राष्ट्रपती खाली उतरून रोपवेने वर गेले. त्या मागणीमागे श्रद्धा होती, गडावरच्या धुळीची काळजीही होती. पण एका तालुक्यात, एका वर्षात या दोन गोष्टी घडाव्यात याचं मला नवल वाटतं. गडावर कसं जावं याबद्दल आपण बोललो. गडाखालच्या वाड्यांकडे कसं जावं, हे बोलायचं राहून गेलं.

नावाहो लोकांनी गाइडची सक्ती केली तेव्हा पर्यटकांचा जीव आणि स्थानिकांचा रोजगार, दोन्ही एकाच नियमात बसवले. आपल्याकडे असा नियम नाही. मामांना नेणं ऐच्छिक आहे आणि दिवसभराच्या चालीनंतर पैशांची घासाघीसही होते. गावातली तरुण मुलं मुंबई-पुण्याला आहेत. नाळ, पदर, सोंड, धार, माची हे शब्द आणि प्रत्येक नाळेचं वेगळं नाव माहीत असणारी पिढी आता साठीपुढची आहे.

शिवथरला पावसाळ्यात गर्दी होते. धबधब्यासमोर रील निघतं, दर्शन होतं, गाड्या वळतात. जाल तेव्हा थोडा वेळ गावात थांबा. ओटीवर बसलेल्या एखाद्या आजोबांना विचारा, समोरच्या नाळेला काय म्हणतात, तिच्यातून वर कुठे निघता येतं, आणि कोणत्या पावसात तिच्याकडे फिरकायचं नाही. फोनचा रेकॉर्डर चालू करण्याआधी त्यांची परवानगी घ्या. मग ते नाव त्यांच्या उच्चारात, त्यांच्या नावासकट जपून ठेवा.