बेसबॉलमधील डावांची संख्या
बेसबॉलच्या सामन्यातील डावांची संख्या खेळाच्या स्तरानुसार बदलते. क्रिकेटमधील डाव एका संघाचा असतो. बेसबॉलमध्ये मात्र दोन्ही संघांची एकेकदा फलंदाजी झाली की एक डाव पूर्ण होतो. तीन गडी बाद होताच अर्धा डाव संपतो.

आरंभीच्या काळात प्रथम २१ धावा करणारा संघ विजयी ठरे. १८५७ साली न्यूयॉर्क येथील अधिवेशनात नऊ डावांचा नियम संमत झाला. अमेरिकेतील मेजर लीग व महाविद्यालयीन सामने आजही सामान्यतः नऊ डावांचे असतात. तेथील हायस्कुलांत सात, तर बारा वर्षांपर्यंतच्या मुलांच्या लिटल लीगमध्ये सहा डाव खेळले जातात. अतिरेकी चेंडूफेकीने कोवळ्या वयात खांदा व कोपर दुखावतात. केवळ डाव कमी करून हा धोका टळत नाही. म्हणून लिटल लीगने २००७ पासून चेंडूंच्या संख्येवरच मर्यादा घातली. अकरा-बारा वर्षांच्या पिचरला दिवसाला ८५ चेंडूच टाकता येतात.

बरोबरी झाल्यास जादा डाव होतात. १ मे १९२० रोजी ब्रुकलिन व बोस्टन यांचा सामना २६ डाव चालून १-१ असा अनिर्णित राहिला. लिऑन कॅडोर आणि जो ओशगर या दोन्ही पिचरांनी तो अथपासून इतिपर्यंत एकट्याने टाकला.