समुत्थानव्यय : देहक्षतीच्या भरपाईचा विचार

मनुष्याच्या देहाला दुसऱ्याच्या हातून इजा झाली असता तिचे मोल कोणी, कोणाला आणि कोणत्या मापाने द्यावे, हा प्रश्न कायदेपंडितांचा म्हणून आपण साहित्याचे अभ्यासक बाजूला ठेवीत आलो आहो. वस्तुतः तो शब्दांचाही प्रश्न आहे. एखादा समाज अशा देण्याला कोणते नाव देतो, यावरून त्याने जखमी माणसाकडे कोणत्या दृष्टीने पाहिले हे कळून येते. बडोद्यास राहून हा विचार करण्यास आम्हांला दोन कारणे घडली. एक या नगरीच्या ग्रंथालयात आहे, दुसरे तिच्या तलावात.

तलावाचे कारण आधी सांगतो. 11 ऑगस्ट 1993 रोजी शहराच्या मध्यभागी असलेल्या सूरसागर तलावात सहलीची एक नाव उलटली. तिच्यात क्षमतेहून अधिक माणसे बसविली होती. अडतीसांपैकी बावीस जण बुडून मरण पावले. नाव चालविण्याचे काम महानगरपालिकेने ठेकेदाराकडे सोपविले होते. मृतांच्या आप्तांनी ग्राहक संरक्षणाच्या 1986 च्या कायद्याखाली दाद मागितली, आणि त्या वादाचा शेवटचा निर्णय सर्वोच्च न्यायालयात 2014 साली लागला. मध्ये एकवीस वर्षे गेली. ज्या घरातील मूल त्या वर्षी शाळेत जाऊ लागले असेल, ते निकालाच्या दिवशी मिळवते झाले असेल. या एकवीस वर्षांचा हिशेब आमच्या मनात ठेवूनच पुढील विवेचन केले आहे.

आता ग्रंथालयाकडे वळू. गायकवाड प्राच्य ग्रंथमाला 1916 साली सुरू झाली आणि 1927 मध्ये प्राच्यविद्यामंदिराची स्थापना झाली. या मालेत जे धर्मशास्त्रीय ग्रंथ निघाले त्यांत के. व्ही. रंगस्वामी अय्यंगार यांनी सिद्ध केलेली बृहस्पतिस्मृती (1941) विशेष मोलाची आहे. मूळ स्मृती लुप्त झालेली. निबंधकारांनी जी वचने उद्धृत केली होती ती वेचून तिची पुनर्रचना करावी लागली. त्यापूर्वी 1933 मध्ये म. म. पां. वा. काणे यांनी कात्यायनस्मृतीच्या व्यवहारविषयक वचनांचा असाच संग्रह केला होता. लुप्त ग्रंथ असे पुन्हा उभे राहिले, आणि त्यांच्याबरोबर एक विसरलेला शब्दही वर आला. तो शब्द म्हणजे समुत्थानव्यय.

मनू आणि याज्ञवल्क्य हे दोघेही दंडपारुष्याच्या, म्हणजे मारहाणीच्या, प्रकरणात तो योजतात. ज्याने दुसऱ्याला दुखापत केली त्याने राजाला दंड द्यावाच. शिवाय जखमी माणसाला पुन्हा उठून उभे राहण्यासाठी जो खर्च येईल तोही द्यावा. कात्यायन याहून एक पाऊल पुढे जातो. देह किंवा इंद्रिय नष्ट झाले असता दंडाखेरीज दोन गोष्टी द्याव्यात असे तो सांगतो : एक तुष्टिकर, म्हणजे पीडिताचे समाधान होईल असे काही, आणि दुसरे समुत्थान. हा खर्च किती काळ द्यावयाचा? जखम भरून येईपर्यंत. आधुनिक न्यायालये औषधोपचाराचा खर्च वेगळा आणि वेदनेबद्दलची रक्कम वेगळी धरतात. त्या भेदाचे बीज येथे स्पष्ट दिसते.

येथे आपल्या शास्त्राचा अवास्तव गौरव करण्याचा मोह मात्र टाळला पाहिजे. याच प्रकरणात मनूने दंडाचे मान वर्णानुसार ठरविले आहे. खालच्या मानलेल्या मनुष्याने ज्या अवयवाने वरच्याला इजा केली तो अवयव तोडावा, अशी आज्ञा तेथे आहे. समुत्थानव्ययाचा विचार करणारी बुद्धी आणि ही आज्ञा करणारी बुद्धी एकाच पानावर शेजारी नांदते. जो शब्द उचलावयाचा तो या शेजाराची जाणीव ठेवूनच उचलला पाहिजे.

इतर समाजांनी हा प्रश्न कसा सोडविला ते पाहू. ढोबळ मानाने दोन पंथ दिसतात. पहिला पंथ दरपत्रकाचा. इंग्लंडातील केंट प्रांताचा राजा एथेलबर्ट याच्या सुमारे इसवी सन 600 मधील कायद्यात डोळ्याला 50 शिलिंग, अंगठ्याला 20 आणि करंगळीला 11 असे दर दिले आहेत; स्वतंत्र माणसाच्या जिवाचे मोल 100 शिलिंग. इस्लामी धर्मशास्त्रातील दियत याच जातीची आहे : पूर्ण जिवाला 100 उंट, एका बोटाला 10. दरपत्रकाचा गुण असा की वाद लवकर मिटतो आणि सूडाची परंपरा थांबते. त्याचा दोष रोमच्या एका जुन्या कथेत सापडतो. रोमच्या द्वादश पट्टिकांत साध्या मारहाणीला 25 नाणी असा दर होता. पुढे नाणे स्वस्त झाले. तेव्हा व्हेराटियस नावाचा एक धनिक रस्त्याने जाता जाता लोकांच्या थोबाडीत मारी, आणि मागून थैली घेऊन येणारा त्याचा गुलाम ज्याला त्याला 25 नाणी मोजून देई. अखेरीस रोमन न्यायाधिकाऱ्यांना ठराविक दर सोडून प्रत्येक प्रकरणी मूल्यमापनाची पद्धती आणावी लागली.

दुसरा पंथ या मूल्यमापनाचा. बाबिलोनच्या हम्मुराबीच्या संहितेत भांडणात नकळत जखम करणाऱ्याने शपथ घ्यावी आणि वैद्याचा खर्च द्यावा असे कलम आहे. समुत्थानव्ययाचाच हा दूरचा आप्त. यहुदी धर्मशास्त्रकारांनी मिश्ना या ग्रंथात पाच बाबी मोजल्या आहेत : अवयवाची हानी, वेदना, उपचार, बुडालेला रोजगार आणि अप्रतिष्ठा. आजचे कोणतेही न्यायालय याहून फारशी वेगळी यादी करीत नाही.

मराठ्यांच्या राज्यव्यवहारात या दोहोंहून निराळी अशी एक चाल होती. लढाईत पडलेल्या शिपायाच्या बायकामुलांना सरकारातून बालपरवेशी म्हणून नेमणूक मिळे. तिला भरपाई म्हणणे तंतोतंत बरोबर नाही, कारण तेथे कोणी अपराधी नसे. दोष कोणाचा हे न विचारता मागे राहिलेल्यांच्या पोटाची व्यवस्था करणे, एवढाच तिचा हेतू. हे तत्त्व पुढे यावयाचे आहे म्हणून येथे नोंदून ठेवतो.

एकोणिसाव्या शतकात आपल्याकडे जो कायदा रूढ झाला तो इंग्रजी वळणाचा. त्याची एक विचित्र उणीव होती. 1808 मध्ये इंग्लंडात घोडागाडी उलटून एका माणसाला खरचटले आणि त्याची पत्नी महिन्याभराने मरण पावली. न्यायालयाने त्याला स्वतःच्या इजेबद्दल पैसे दिले, पत्नीच्या सहवासाबद्दल तिच्या मृत्यूच्या दिवसापर्यंतचे दिले, आणि पुढचे नाकारले. कारण मनुष्याचा मृत्यू ही दिवाणी न्यायालयापुढे हानीच नव्हे असे ठरले. म्हणजे जखमी करणे महाग आणि जीव घेणे स्वस्त! आगगाड्यांचे अपघात वाढू लागले तेव्हा 1846 साली तेथे कायदा करून ही उणीव दूर झाली, आणि 1855 मध्ये तसाच कायदा हिंदुस्थानात आला. कामगारांसाठी जर्मनीने 1884 साली विमा योजना केली, इंग्लंडने 1897 साली कायदा केला, आणि आपल्याकडे 1923 चा कायदा झाला. या कायद्याच्या परिशिष्टात पुढे अंगठा गेल्यास मिळवण्याची शक्ती शेकडा 30 आणि एक डोळा गेल्यास शेकडा 40 कमी होते असे धरले गेले. केंटच्या राजाचे दरपत्रक असे तेराशे वर्षांनी कारखान्याच्या दारातून परत आले.

बडोदे संस्थान तेव्हा आपले कायदे आपण करीत होते, आणि ते लोकांच्या भाषेत असावेत असा श्रीमंत सयाजीराव महाराजांचा आग्रह होता. 1931 चा ‘सयाजी शासन शब्दकल्पतरु’ हे त्या आग्रहाचे फळ. इंग्रजी राज्यकारभारातील शब्दांना गुजराती, मराठी, संस्कृत, हिंदी आदी भाषांतील पर्याय त्यात शेजारी शेजारी मांडले आहेत. व्यवहारात मराठीत रुळला तो शब्द मात्र नुकसानभरपाई. अरबी नुकसान आणि देशी भरपाई यांचा हा जोड धान्याच्या कोठारास शोभतो : जेवढे माप कमी झाले तेवढे पुन्हा भरावे. देहाचे तसे नाही. गेलेला डोळा भरून येत नाही. म्हणून आमचे म्हणणे असे की देहक्षतीच्या बाबतीत समुत्थानाची कल्पना भरपाईच्या कल्पनेहून अधिक खरी आहे. ‘किती गेले?’ हा एक प्रश्न. ‘हा माणूस पुन्हा उभा कसा राहील?’ हा दुसरा. पहिल्याचे उत्तर सावकाश दिले तरी चालते. दुसऱ्याला काळाची मर्यादा आहे, कारण पडलेला माणूस एकवीस वर्षे पडून राहू शकत नाही.

ज्यांचा मनुष्यच गेला त्यांना हे कसे लागू करावयाचे, असा आक्षेप कोणी घेईल. तेथे उठावयाचे असते ते कुटुंबाला. परंतु पहिल्याच प्रश्नाला धरून बसणारा कायदा लहान मुलापाशी येऊन अडखळतो. मिळवत्या माणसाचे मोल त्याच्या कमाईवरून काढता येते. मुलाची कमाई शून्य. मोटार अपघातांसाठी 1994 साली जे कोष्टक लागू झाले त्यात न मिळवणाऱ्याचे उत्पन्न वर्षाला 15,000 रुपये कल्पावे असे होते. सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये एका मुलाच्या प्रकरणी ते 30,000 धरले. हे आकडे न्यायाधीशांच्या निष्ठुरतेचे द्योतक नव्हेत. ते मापच त्या वस्तूसाठी नाही, एवढे ते सांगतात.

न्यूझीलंडने या गुंत्यातून निराळी वाट काढली. तेथे 1974 पासून अपघाताने झालेल्या इजेबद्दल दावा लावण्याचा अधिकार बहुतांशी काढून घेतला गेला, आणि दोष कोणाचाही असो, सार्वजनिक निधीतून उपचार व बुडालेल्या मिळकतीचा भाग देण्याची व्यवस्था झाली. बालपरवेशीचे तत्त्व तेथे सर्व नागरिकांना लागू झाले म्हणा ना. त्या योजनेवर आक्षेपही आहेत. ज्याने निष्काळजीपणा केला त्याला त्याची झळ पुरेशी लागत नाही, हा त्यांतला मुख्य. तो आक्षेप आम्ही हलका लेखीत नाही.

कारण झळ कोणाला लागावी याचाही विचार जुन्यांनी केला होता. मनूने गाडीच्या अपघाताचे प्रकरण बारकाईने मांडले आहे. वेसण तुटली, जू मोडले, गाडीवानाने ‘बाजूला व्हा’ असे ओरडून सांगितले, अशा दहा प्रसंगी कोणी दोषी नाही. परंतु गाडीवान अडाणी असून त्यामुळे हानी झाली तर दंड मालकाला. गाडीवान कुशल असेल तर त्यालाच. अडाण्याच्या हाती कासरा देणारा स्वतः सुटत नाही, हे त्यातले सार. सूरसागर प्रकरणी महानगरपालिकेने ठेकेदाराकडे बोट दाखविले तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने हेच सार आधुनिक भाषेत सांगितले : लोकांच्या सुरक्षिततेचे कर्तव्य ठेका देऊन दुसऱ्याच्या गळ्यात घालता येत नाही.

हा निर्णय झाल्यावर शहर शहाणे व्हावयास हवे होते. 18 जानेवारी 2024 रोजी याच बडोद्यात हरणी येथील तलावात शाळेच्या सहलीची नाव उलटली, आणि बारा विद्यार्थी व दोन शिक्षिका मृत्यू पावल्या. नावेत पुन्हा क्षमतेहून अधिक जण होते. तलावावरील व्यवस्था पुन्हा महानगरपालिकेने ठेक्याने दिलेली होती. उच्च न्यायालयाने आपण होऊन त्या घटनेची दखल घेतली.

आमच्या वाचकांत शिक्षक पुष्कळ आहेत. मुलांना सहलीला नेण्यापूर्वी पालकांची संमतिपत्रे त्यांनी अनेकदा गोळा केली असतील. त्या दोन शिक्षिका कोणत्या विश्वासाने नावेत बसल्या असतील, हे त्यांना समजावून सांगण्याची गरज नाही. त्या विश्वासाचे मोल दरपत्रकात बसत नाही आणि कमाईच्या गुणाकारातही बसत नाही. कायद्याच्या हाती त्यानंतर जे उरते ते एवढेच : मागे राहिलेल्यांना उठण्यास हात द्यावयाचा, आणि तो वेळेवर द्यावयाचा. कात्यायनाने मुदत घालून ठेवली आहे. जखम भरून येईपर्यंत, असे तो म्हणतो. ती चिघळून जाईपर्यंत, असे म्हणत नाही.