भोपळ्याचे बी : घरच्या घरी काढावे आणि राखावे कसे?

लाल भोपळा चिरला की आतला तंतुमय गर आणि त्यात अडकलेल्या बिया खरवडून काढायच्या आणि केराच्या टोपलीत टाकायच्या, ही शहरातील स्वयंपाकघराची रीत. भाजी, भरीत आणि घारगे यांच्यासाठी भोपळा हवा असतो. बियांची आठवण फारशी कोणाला होत नाही. एक-दोन पिढ्यांपूर्वी मात्र चांगल्या भोपळ्याचे बी घरातील ज्येष्ठ स्त्री राखेत घोळवून मडक्यात ठेवी किंवा शेणाच्या गोळ्यात दाबून भिंतीला थापून ठेवी. पावसाळा तोंडावर आला की तेच बी परसात लावले जाई. बाजारातून पाकीट आणण्याची सवय जडली तशी ही रीत मागे पडली आणि तिच्याबरोबर कितीतरी घराण्यांचे, गावांचे वाणही गेले. गच्चीत किंवा अंगणात एखादा वेल लावणाऱ्यालाही हे काम पुन्हा सुरू करता येते. त्यासाठी पुढील गोष्टी ध्यानात घ्याव्यात.

भोपळा कोणता?

भोपळा मूळचा अमेरिका खंडातला. मेक्सिकोतील ओआहाका प्रांतातील एका गुहेत सापडलेल्या त्याच्या बिया सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या ठरल्या आहेत. कोलंबसाच्या १४९२ मधील सफरीनंतर तो उर्वरित जगात पसरला. दुधी भोपळा त्याहून कितीतरी आधीपासून आपल्याकडे आहे. तो वेगळ्या प्रजातीचा असल्याने लाल भोपळ्याशी त्याचा संकर होत नाही.

लाल भोपळ्याच्या मात्र मोश्चाटा, मॅक्सिमा आणि पेपो अशा तीन प्रमुख जाती आहेत. आपल्याकडील बहुतेक गावरान भोपळे मोश्चाटा जातीचे. देठ पाहून ही जात ओळखता येते : देठ कठीण, पाच धारांचा आणि फळाला चिकटतो तेथे पसरट झालेला असतो. मॅक्सिमाचा देठ गोल आणि बुचासारखा मऊ असतो. एकाच जातीतील दोन वाण शेजारी लावल्यास ते सहज मिसळतात. भिन्न जातींत संकर क्वचितच होतो.

बी कोणत्या फळाचे घ्यावे?

संकरित पाकिटातील बियांपासून आलेल्या फळाचे बी धरू नये. ते उगवते, पण पुढच्या पिढीत फळाचा आकार, रंग आणि चव यांत एकवाक्यता राहत नाही. गावरान वाण किंवा सरळ वाण घ्यावा. भारतीय कृषी संशोधन संस्थेचा ‘पुसा विश्वास’ आणि बंगळुरूच्या भारतीय उद्यानविद्या संशोधन संस्थेचा ‘अर्का चंदन’ हे असे सरळ वाण आहेत. बाजारातून फोड विकत घेतली असेल तर तिच्या वाणाविषयी खात्री देता येत नाही. हौसेने लावायला हरकत नाही, पण वाण राखण्यासाठी तिचा भरवसा धरू नये.

परागीकरणावर लक्ष

भोपळ्याच्या वेलावर नर आणि मादी फुले वेगवेगळी येतात. मादी फुलाच्या बुडाशी चिमुकले फळ असते. नर फूल लांब, सरळ दांड्यावर उभे असते. परागीकरण मधमाश्या करतात आणि त्या दूरदूर फिरतात. म्हणूनच बीजोत्पादन करणाऱ्या शेतांत दोन वाणांमध्ये पाचशे ते हजार मीटर अंतर राखले जाते. शहरात हे अशक्य. तेव्हा हाताने परागीकरण करणे हाच उपाय.

उद्या उमलणाऱ्या कळ्या आदल्या संध्याकाळी टोकाशी पिवळ्या पडू लागतात. अशा एक-दोन नर आणि एक मादी कळीची तोंडे दोऱ्याने अलगद बांधावीत. फुले पहाटे उमलतात आणि ऊन चढताच मिटू लागतात, म्हणून सकाळी लवकर नर फूल तोडून त्याच्या पाकळ्या काढाव्यात. मग मादी फुलाचा दोरा सोडून आतील भागावर परागकण हळुवार फिरवावेत आणि फूल पुन्हा बांधावे. देठाला रंगीत चिंधी बांधून ठेवावी, म्हणजे पुढे कोणते फळ बियांसाठी राखायचे ते ओळखता येते. परिसरात दुसरा भोपळा कोठेच नसेल तर हा खटाटोप टाळता येईल.

पिकू द्यावे, मग थांबावे

बियांसाठीचे फळ वेलावरच पूर्ण पक्व व्हावे लागते. साल इतकी कठीण व्हावी की नख रुतू नये. देठ सुकून करडा पडावा. फळ देठासह कापून हवेशीर, कोरड्या जागी तीन-चार आठवडे तसेच ठेवावे. तोडल्यानंतरही आतील बी भरत राहते. घाईने कापलेल्या फळात पोचट बिया अधिक निघतात.

फळ चिरताना सुरी खोल घालू नये, बिया कापल्या जातात. गरासह बिया पाण्यात घालून हाताने चोळाव्यात. दिवसभर भिजत ठेवल्यास चिकट धागे लवकर सुटतात. त्याहून अधिक काळ ठेवू नयेत. पोचट बिया पाण्यावर तरंगतात, त्या काढून टाकाव्यात. जाड, टपोऱ्या बिया तेवढ्या निवडाव्यात.

वाळवणे आणि साठवणे

धुतलेल्या बिया ताटात, सुपात किंवा जाळीवर एका थरात पसराव्यात. कागदावर त्या चिकटून बसतात. कडक उन्हात वाळवू नयेत, सावलीत वारा लागेल अशा जागी दोन-तीन आठवडे रोज हलवत राहावे. उंदीर आणि मुंग्यांपासून जपावे. बी वाकवून पाहावे : ते लवले तर अजून ओलसर आहे, कट्‌कन मोडले तर साठवण्यास योग्य.

ओल आणि उष्णता हे बियांचे दोन शत्रू. बीजशास्त्रातील एक ढोबळ नियम असा की, बियांतील ओल एक टक्क्याने किंवा साठवणीचे तापमान पाच अंशांनी कमी झाले की बियांचे आयुष्य साधारण दुप्पट होते. मुंबई आणि कोकणाच्या दमट हवेत म्हणूनच कागदी पुडी पुरत नाही. काचेच्या घट्ट झाकणाच्या बरणीत, तळाशी भाजून कोरडे केलेले तांदूळ पुरचुंडीत बांधून ठेवावेत. बरणीवर वाणाचे नाव आणि वर्ष लिहावे. शीतकपाटात ठेवल्यास बाहेर काढल्यावर ती खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नये, नाहीतर बियांवर दव धरते. नीट राखलेले बी चार-पाच वर्षे सहज उगवते.

लावण्यापूर्वी दहा बिया ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवाव्यात. आठवडाभरात सात-आठ अंकुरल्या तर बी उत्तम. निम्म्याहून कमी उगवल्या तर आळ्यात अधिक बिया टाकाव्यात आणि त्याच हंगामात नवे बी धरावे.

दोन सावधगिऱ्या

उरलेल्या बिया भाजून खाता येतात. सोललेल्या मगजात सुमारे तीस टक्के प्रथिने असतात. मात्र पाकिटातील औषध लावलेले रंगीत बी कधीही खाऊ नये. दुसरे असे की, घरच्या बियांपासून आलेले फळ कडू लागले तर ते लगेच टाकून द्यावे आणि त्याचे बीही धरू नये. हा कडूपणा विषारी द्रव्यांमुळे येतो आणि शिजवूनही जात नाही.

वाण कोणाचा?

‘पीक वाण संरक्षण व शेतकरी हक्क कायदा, २००१’ शेतकऱ्याला आपले बी राखण्याचा, पेरण्याचा, देवघेवीचा हक्क देतो. कंपनीच्या नाममुद्रेने बी विकण्यास तेवढी मनाई आहे. हक्क कागदावर असला तरी बी मडक्यात असावे लागते. नगर जिल्ह्यातील (आताचे अहिल्यानगर) अकोले तालुक्यातल्या कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांनी भात, वाल आणि भाजीपाल्याची गावरान बियाणी घरात जमवून इतरांना वाटली. २०२० मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली.

वाटण्यातच या कामाचे मर्म आहे. एका भोपळ्यात शेकड्यांनी बिया असतात आणि एका घराला चार-पाच वेल पुरतात. एकाच बरणीतले बी एखाद्या उंदराने किंवा एका दमट पावसाळ्याने संपू शकते. चार घरांत दिलेले बी कोठे ना कोठे उरतेच. तेव्हा स्वतःसाठी वीस बिया ठेवाव्यात आणि उरलेल्या नाव-वर्ष लिहून शेजारी, आप्तेष्टांना द्याव्यात. पुढे कधी आपला वेल गेलाच, तर बी मागायला एक दार तरी उघडे असेल.